जीप गाडीची उकल आणि जोडणी

भारतीय सेनेच्या इलेक्ट्रॉनिक्स व मेकॅनिकल इंजिनिअर्स या दलाचे जवान सार्वजनिक प्रात्यक्षिकांत एक विलक्षण करामत करून दाखवितात. मैदानात धावत आलेली जीप थांबते. जवान खाली उतरतात. चाके निघतात, गाडीचा वरचा सांगाडा उचलला जातो आणि पाहता पाहता सगळी गाडी सुट्या भागांच्या रूपाने जमिनीवर मांडली जाते. तितक्याच वेगाने ते भाग पुन्हा एकत्र येतात आणि तीच जीप इंजिनाचा आवाज करीत मैदानाबाहेर निघून जाते. हे सर्व अवघ्या काही मिनिटांत घडते.

प्रेक्षकांच्या टाळ्या या जवानांनी कमावलेल्याच असतात. परंतु हीच जीप दुरुस्तीसाठी कारागिराकडे नेली, तर तो ती खोलण्यास व पुन्हा जोडण्यास कित्येक दिवस घेतो. तो आळशी असतो असे नव्हे. मैदानावर गाडीचे मोठे मोठे गट तेवढे वेगळे होतात. गिअरपेटी, आसांची घरे, चाकांतील बेअरिंगे बंदच राहतात. कारागिराला मात्र नेमके हे बंद भाग उघडावयाचे असतात आणि प्रत्येक भाग कसा झिजला आहे, का झिजला आहे, हे पाहावयाचे असते. भाग सुटे करणे हे हाताचे काम आहे. सुटे होताना ते काय सांगतात हे वाचणे डोळ्यांचे व बुद्धीचे काम आहे. या दुसऱ्या कामात कसूर झाली, तर तिची किंमत गाडीखाली निजलेला कारागीर देतो, किंवा पुढे केव्हा तरी घाटाच्या वळणावर गाडीत बसलेली माणसे देतात.

जीपची कुळकथा

१९४० साली अमेरिकेच्या सैन्याला हलकी, चिवट आणि चारही चाकांनी ओढणारी गाडी हवी होती. पहिला नमुना तयार करण्यास कारखानदारांना केवळ ४९ दिवसांची मुदत देण्यात आली. पेनसिल्व्हेनिया राज्यातील बॅन्टम या लहानशा कंपनीने ती मुदत पाळली आणि त्या वर्षीच्या सप्टेंबरात आपली गाडी चाचणीसाठी हजर केली. पुढे विलीज-ओव्हरलँड व फोर्ड या कंपन्यांनी मिळून युद्धकाळात अशा सहा लाखांहून अधिक गाड्या बांधल्या. विलीजच्या युद्धकालीन जीपला चार सिलिंडरांचे, ६० अश्वशक्तीचे इंजीन होते, आणि पुढच्या व मागच्या चाकांच्या मध्यबिंदूंतील अंतर अवघे ८० इंच होते.

युद्धकाळात यांपैकी कित्येक गाड्या अर्धवट सुट्या करून लाकडी पेट्यांतून समुद्रापार गेल्या. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात आलेल्या जीपचा प्रवासही काहीसा असाच झाला. १९४० च्या दशकाच्या अखेरीस महिंद्र कंपनीने बाहेरून आणलेल्या सुट्या भागांची जोडणी मुंबईत माझगाव येथे सुरू केली. म्हणजे या गाडीच्या आपल्या देशातील आयुष्याचा आरंभच मुळी जोडणीपासून झाला. जे पान्याने जोडले गेले ते पान्याने सुटेही होऊ शकते. जुन्या जीपगाड्या अर्धशतकाहून अधिक काळ डोंगराळ भागांत टिकून राहिल्या, त्याचे एक कारण हेच होय.

शक्ती कोणत्या वाटेने जाते?

कोणतेही यंत्र खोलण्यापूर्वी त्यातून शक्ती कोठून कोठे जाते हे ध्यानी घ्यावे. जीपमध्ये इंजिनाची शक्ती प्रथम क्लचमधून गिअरपेटीत येते. सामान्य मोटारीत ती तेथून एकाच आसाकडे जाते. जीपमध्ये गिअरपेटीच्या पाठीशी आणखी एक पेटी बसविलेली असते. तिला ट्रान्स्फर केस म्हणतात. ही पेटी दोन कामे करते. पहिले काम वाटणीचे. तिच्यातून एक फिरती दांडी मागच्या आसाकडे व दुसरी पुढच्या आसाकडे जाते. या दांड्यांना प्रोपेलर शाफ्ट असे नाव आहे. दुसरे काम वेग कमी करून जोर वाढविण्याचे.

हा जोर किती वाढतो ते एका साध्या गुणाकाराने कळते. युद्धकालीन जीपच्या पहिल्या गिअरचे प्रमाण २.६६, ट्रान्स्फर केसच्या मंद गतीचे १.९७ आणि आसातील दंतचक्रांचे ४.८८ होते. या तिन्हींचा गुणाकार सुमारे २५.६ येतो. इंजीन पंचवीसहून अधिक वेळा फिरते तेव्हा चाक एकदा फिरते. आणि घर्षणात जाणारा भाग वगळता चाकावरील पीळही जवळजवळ तितक्याच पटींनी वाढतो. चढावर, चिखलात वा नदीच्या पात्रात गाडी हळूहळू पण निर्धाराने चालते ती या गुणाकाराच्या बळावर. परंतु हाच पीळ प्रत्येक दाताला, प्रत्येक दांडीला आणि प्रत्येक सांध्याला सोसावा लागतो, हे विसरून चालत नाही.

आणखी एक गोष्ट येथेच सांगावयास हवी. गाडी वळताना पुढची चाके मागच्या चाकांपेक्षा मोठ्या वर्तुळावरून जातात, म्हणून त्यांना अधिक फेऱ्या घ्याव्या लागतात. चारही चाके जोडलेली असतात तेव्हा या जीपमध्ये पुढचा व मागचा शाफ्ट परस्परांशी पक्के बांधले जातात. चिखलात चाके थोडी घसरतात आणि हा फरक निभावून जातो. कोरड्या डांबरी रस्त्यावर चाके घसरत नाहीत; मग तो फरक शाफ्टमध्ये पीळ होऊन साठत जातो. अशी पीळ साठलेली गाडी जॅकवर उचलली, तर जमीन सुटताच चाक अकस्मात झटका देऊन फिरू शकते. यास्तव खोलण्यापूर्वी गाडी सरळ रेषेत काही पावले मागे घ्यावी, चारही चाकांची जोड सोडवावी आणि मगच पान्याला हात घालावा.

गाडीखाली जाण्यापूर्वी

या कामातील सर्वांत मोठा धोका पान्यात नसून जॅकमध्ये आहे. पुष्कळांची समजूत अशी की, हातब्रेक ओढला म्हणजे गाडी जागची हलणार नाही. जुन्या जीपच्या बाबतीत ही समजूत घातक ठरू शकते. तिचा हातब्रेक चाकांना धरीत नाही. तो ट्रान्स्फर केसमधून मागे जाणाऱ्या शाफ्टला धरतो. हा शाफ्ट आणि मागची दोन चाके यांच्या दरम्यान डिफरन्शियल नावाची दंतचक्रांची रचना असते. वळणावर आतल्या व बाहेरच्या चाकाला वेगवेगळ्या वेगाने फिरता यावे, यासाठी ती योजिलेली आहे.

आता असे समजा की मागचे एक चाक जॅकने उचलले. शाफ्ट हातब्रेकने घट्ट धरलेला आहे. तरीही जमिनीवरचे चाक एका दिशेने आणि अधांतरी चाक उलट दिशेने फिरण्यास डिफरन्शियल आडकाठी करीत नाही. उतार थोडासा असला तरी पुरे. गाडी सरकते, जॅक कलंडतो आणि खाली असलेल्या माणसाला निसटण्याची सवड मिळत नाही. मागचा प्रोपेलर शाफ्ट काढून ठेवला, तर हातब्रेकचा चाकांशी काही संबंधच उरत नाही.

म्हणून नियम असे: गाडी सपाट, कठीण जमिनीवर उभी करावी. जमिनीवर राहणाऱ्या चाकांना पुढून व मागून लाकडी ठोकळे लावावेत. जॅक केवळ उचलण्यासाठी वापरावा. उचललेली गाडी सांगाड्याखाली ठेवलेल्या भक्कम लोखंडी घोड्यांवर टेकवावी. विटांच्या थरावर गाडी कधीही टेकवू नये. वीट दाबाखाली कोणतीही पूर्वसूचना न देता फुटते.

त्यानंतर विजेकडे वळावे. बॅटरीच्या दोन तारांपैकी एक गाडीच्या सांगाड्याला जोडलेली असते. ती प्रथम काढावी. दुसरी तार आधी सोडविताना पाना चुकून सांगाड्याला टेकला, तर बॅटरीतील सर्व प्रवाह त्या पान्यातून धावतो, ठिणग्या उडतात आणि पाना क्षणात तापतो. सांगाड्याची तार आधी निघालेली असेल, तर हे मंडल पूर्णच होत नाही. जोडताना क्रम उलटा, म्हणजे सांगाड्याची तार सर्वांत शेवटी.

भाग धुण्यासाठी रॉकेल वापरावे, पेट्रोल वापरू नये. पेट्रोलची वाफ हवेहून जड असल्याने कारखान्याच्या खड्ड्यात साचून राहते आणि दूरच्या ठिणगीनेही पेटते. जुन्या गाड्यांच्या ब्रेकच्या व क्लचच्या अस्तरांत ॲस्बेस्टॉस असण्याचा संभव असतो. त्याची धूळ फुप्फुसांत गेल्यास अनेक वर्षांनंतर कर्करोगासारखे रोग उद्भवतात. ब्रेकचा ड्रम काढल्यावर ती धूळ फुंकून वा हवेच्या झोताने उडवू नये. ओल्या फडक्याने टिपून घ्यावी व ते फडके बंद पिशवीत टाकावे.

क्रम आणि खुणा

गाडी आधी धुवावी. चिखलाच्या थराखाली तेलाची गळती दिसत नाही, आणि खोलताना मातीचा एखादा कण बेअरिंगात गेला तर दुरुस्तीतूनच नवा बिघाड जन्माला येतो.

पुढचा क्रम बाहेरून आत आणि हलक्याकडून जडाकडे असा चालतो. पाणी, तेल व पेट्रोल काढून घ्यावे; बॉनेट व रेडिएटर उतरवावा; तारा, नळ्या आणि ब्रेकच्या वाहिन्या सोडवाव्यात; मग आवश्यकता असेल तर बॉडी सांगाड्यावरून उचलावी; त्यानंतर इंजीन व गिअरपेटी; आणि शेवटी पाट्यांसह आस. परंतु आवश्यक तेवढेच उघडावे, हा यातील पहिला नियम होय. नीट चालणारा जोड उगाच सोडविल्याने काही लाभ होत नाही. त्याचे पॅकिंग मात्र वाया जाते.

चाके काढताना नवशिक्याची एक गंमत होते. युद्धकालीन विलीज जीपच्या डाव्या बाजूच्या चाकांचे नट उलट्या, म्हणजे डाव्या आट्यांचे असतात. चाकाच्या फिरण्याने ते सैल होऊ नयेत हा त्यामागील हेतू. ज्याला हे ठाऊक नाही तो नट सोडवीत आहे अशा समजुतीने तो अधिकाधिक आवळत राहतो आणि अखेर बोल्ट मोडतो. हेच तत्त्व विद्यार्थ्यांना सायकलीत पाहावयास मिळेल. सायकलीच्या डाव्या पायट्याचे आटेही उलटे असतात.

प्रत्येक भाग काढण्यापूर्वी त्यावर व त्याच्या जोडीदारावर खूण करावी. टोच्याने एक वा दोन ठिपके उमटविले तरी भागते. काही भाग जन्मभर एकमेकांसाठीच असतात. आसातील मोठे चक्र व त्याला फिरविणारे लहान चक्र कारखान्यात एकमेकांवर घासून बसविलेले असते. त्यांतील एकच बदलले, तर नवे व जुने दात नीट जुळत नाहीत, आवाज करतात आणि लवकर झिजतात. व्हॉल्व्ह, पिस्टन, बेअरिंगांची झाकणे यांनीही आपापल्या जागी परतावयास हवे. पुढचे चाक ज्या खुंटीवर वळते तिच्या वर व खाली पातळ पत्र्याच्या चकत्या असतात. वरच्या चकत्या वेगळ्या व खालच्या वेगळ्या तारेत ओवून ठेवाव्यात. कागदाच्या जाडीच्या या चकत्यांवर सुकाणूचा घट्टपणा अवलंबून असतो.

नट व वॉशर एकाच डब्यात टाकण्याची सवय वाईट. प्रत्येक जोडाचे नट त्याच जोडाच्या बोल्टवर परत चढवून ठेवावेत. आजकाल प्रत्येक टप्प्याचे छायाचित्र घेणे सोपे झाले आहे आणि ते अवश्य घ्यावे. तथापि छायाचित्रात पत्र्याची जाडी दिसत नाही व आट्यांची दिशाही क्वचितच दिसते. वही व पेन्सिल यांची आवश्यकता अद्याप सरलेली नाही.

न सुटणारा नट

गंजलेला नट हा या कामातील नित्याचा शत्रू होय. लांब नळी पान्याला लावून जोर केला, तर नटाऐवजी बोल्ट तुटतो. प्रथम तारेच्या ब्रशने आटे स्वच्छ करावेत, पातळ तेल सोडून ते मुरू द्यावे आणि नटाच्या कडांवर हातोडीचे हलके ठोके द्यावेत. एवढ्यानेही न सुटल्यास उष्णतेचे साहाय्य घेता येते. पोलाद दर अंश सेल्सियसला आपल्या लांबीच्या सुमारे १२ दशलक्षांशाने वाढते. २० मिलिमीटर व्यासाचे छिद्र असलेला नट बोल्टपेक्षा २०० अंशांनी अधिक तापला, तर ते छिद्र मिलिमीटरच्या सुमारे विसाव्या भागाने मोठे होते. गंजाची पकड मोडण्यास बहुधा एवढे पुरते. मात्र पेट्रोलची टाकी, ब्रेकच्या रबरी नळ्या किंवा बेअरिंगे यांच्या जवळ ज्योत कदापि नेऊ नये.

भाग काय सांगतात

आता आपण या कामाच्या गाभ्याशी येऊन पोहोचलो. आसाच्या घरातील तेल काढले आणि ते दुधाळ दिसले, तर आत पाणी गेले आहे हे निश्चित समजावे. ते कसे गेले? बराच वेळ चाललेल्या गाडीची चाके व आस तापलेले असतात. अशी गाडी नदीच्या थंड पाण्यात उतरली, की आतली हवा एकदम निवते. ६० अंशांवरची हवा २५ अंशांपर्यंत थंड झाली, तर तिचे आकारमान सुमारे एकदशांशाने कमी होते. ही तूट भरून काढण्यासाठी बाहेरची हवा आत यावी म्हणून आसाच्या घराला एक लहानसे श्वसनछिद्र ठेवलेले असते. ते चिखलाने बुजले असेल, तर हवेऐवजी ऑइल सीलच्या कडेने पाणी शोषले जाते. येथे केवळ तेल बदलून भागणार नाही. श्वसनछिद्र मोकळे केले नाही, तर पुढच्या नदीला तोच प्रकार पुन्हा घडेल. दुधाळ तेल हे लक्षण आहे. बुजलेले छिद्र हे कारण आहे.

काढलेल्या तेलातून लोहचुंबक फिरवावा. त्यावर बारीक, राखाडी लेप आला तर ती सामान्य झीज. टोचणारे कण वा चकाकणारे तुकडे आले, तर एखादा दात किंवा बेअरिंग तुटू लागले आहे.

बेअरिंग स्वच्छ धुऊन उजेडात धरावे. त्याच्या पोलादावर निळसर झाक दिसली, तर ते कधी तरी सुमारे ३०० अंशांपर्यंत तापले होते. पोलादाचा पृष्ठभाग तापताना आधी गवती पिवळा व मग निळा होतो, आणि निवल्यावरही तो रंग त्या घटनेची साक्ष देत राहतो. असे बेअरिंग आपला कठीणपणा गमावून बसलेले असते. पृष्ठभागावर खड्डे पडले असतील तर ती भाराखाली आलेली थकावट. तांबूस डाग असतील तर तो पाण्याचा गंज. तिन्ही बेअरिंगे बदलावीच लागतात, परंतु कारणे तीन आहेत आणि उपायही तीन आहेत: पहिल्यास योग्य वंगण व योग्य घट्टपणा, दुसऱ्यास भाराची मर्यादा, तिसऱ्यास नवे सील. जो केवळ भाग बदलतो त्याला काही महिन्यांनी तोच भाग पुन्हा बदलावा लागतो.

जोडणी

जोडणी ही उकलीच्या उलट क्रमाने होते असे म्हणतात. ते खरे आहे, पण पुरेसे नाही. प्रोपेलर शाफ्टचेच उदाहरण घ्या. त्याच्या दोन्ही टोकांना क्रॉसचे सांधे असतात. दांड्यांमध्ये कोन असताना असा एकच सांधा समान वेगाने फिरवीत नाही. प्रत्येक फेरीत तो पुढच्या दांडीला दोनदा थोडी जलद व दोनदा थोडी मंद करतो. दोन्ही टोकांचे कोन सारखे असून दोन्ही सांध्यांचे काटे एका रेषेत असले, तर एकाने केलेली चूक दुसरा पुसून टाकतो. शाफ्टचा सरकता जोड चुकीच्या खाचेत बसविला, तर चुका पुसल्या जात नाहीत. गाडी वेग घेताच थरथरू लागते आणि ते हादरे गिअरपेटीपर्यंत पोहोचतात. अशा वेळी सारे भाग नवे असतात, सारे नट आवळलेले असतात, तरीही जोडणी चुकीची असते. सुटे करताना केलेली एक लहानशी खूण हा सारा त्रास वाचविते.

आवळण्यालाही पद्धत आहे. सिलिंडरचे झाकण मध्यापासून कडांकडे, थोडे थोडे करून आवळतात. एका कडेने आवळल्यास ते वाकते व पॅकिंग जळते. चाकाचे नट समोरासमोरचे घ्यावेत. हबचे बेअरिंग फार सैल राहिल्यास चाक डुलते, फार घट्ट झाल्यास तापते. हबच्या बाहेरच्या नटाखालील कुलूपचकतीची कड वाकवून बसविल्याशिवाय काम संपले असे मानू नये. चकती लहान आहे, पण चाक जागेवर ठेवण्याची जबाबदारी तिच्यावरही आहे.

सर्व जोडून झाल्यावर गाडी प्रथम घोड्यांवर असतानाच चाके हाताने फिरवून पाहावीत. ब्रेकमधील हवा काढावी, पायाखाली पायटा कठीण लागतो याची खात्री करावी. मग सपाट जागी मंद गतीने चालवून ब्रेक तपासावा. थोडे अंतर चालल्यावर थांबून प्रत्येक हबला हात लावावा. एक हब इतरांहून अधिक तापलेले असल्यास ते पुन्हा उघडावे. चाकांचे नट पुन्हा एकदा आवळावेत. उतारावर व नदीत गाडी त्यानंतरच न्यावी.

शेवटी एक साधी परीक्षा. काम संपल्यावर टेबलावर एखादा नट वा वॉशर उरला, तर पुष्कळ जण हसून तो खिशात टाकतात. चांगला कारागीर तसे करीत नाही. तो आपली वही उघडतो आणि तो नट कोठला हे सापडेपर्यंत गाडीची किल्ली मालकाच्या हाती देत नाही.